गोष्ट अर्धी सोडणारा शेजारी

रोमन राज्यात सगळ्यांना रोमनच व्हावं लागे, असं मी दुबईतल्या आमच्या गच्चीवर पोरांना ठोकून दिलं आणि तोंडघशी पडलो. शेजारचे रत्नागिरीचे गृहस्थ चहा बशीत ओतत हळूच म्हणाले, "तसं नाय हो, भाऊ." त्यांचं प्रत्येक बोलणं इथूनच सुरू होतं. पूर्वी ते सीरियात नोकरीला होते. रोमन काळातल्या, तिथल्या सरहद्दीवरच्या शहरातला एक शिपाई त्यांनी गोष्टीत उभा केला: पगार रोमचा, देव आपल्या गावचा, आणि भिंतीवरच्या चित्रात त्या देवालाही रोमन चिलखत! माझ्या गोष्टींना जांभया देणारी पोरं पापणी हलवेनात. बायको भाजी निवडायची विसरली. मी जळून खाक.

"पण चाचा, तो रोमन होता की नव्हता?" धाकटीनं विचारलं.

नेहमीसारखे ते ऐन वेळी उठले. "खलास! शेवट बाबांकडून ऐका."

मला काय कपाळ ठाऊक! ते गेल्यावर मी चिडलो, "दर वेळी मुद्दाम फजिती करतात माझी."

बायको म्हणाली, "त्यांची पोरं तिकडे रत्नागिरीत दुसऱ्याच कुणाकडून गोष्टी ऐकतात. म्हणून आपली पोरं ते शेवटी तुमच्याकडे परत धाडतात."