कुंपण वाजवणारे घरमालक

मी आज जो काही आहे तो पामर्स्टन नॉर्थ शहरातल्या माझ्या ग्रीक घरमालकांमुळे. आणि त्यांच्याइतका हट्टी संगीतकार पृथ्वीच्या पाठीवर दुसरा झाला नसेल. ते चित्रपटांना संगीत द्यायचे, पण चित्रपट बघायचे मात्र नाहीत. "चित्र दिसलं की कान आळशी होतात," म्हणायचे. दिग्दर्शकाला फक्त प्रसंगांची लांबी विचारायची आणि मेंढ्यांच्या कुरणाकडे निघायचं. तिथल्या तारेच्या कुंपणावर व्हायोलिनचा गज फिरवून त्यांनी एक अख्खं प्रेमप्रकरण वाजवलं होतं. कोपऱ्यावरच्या डेअरीत दूध आणायला गेले की तिथल्या जुन्या फ्रीजची घरघर रेकॉर्ड करून, दूध विसरून परत यायचे. एकदा एक दिग्दर्शिका फोनवर कडाडली, "माझी नायिका रडतेय आणि तुम्ही कुंपण वाजवताय!" हे शांतपणे म्हणाले, "ती रडतेय ना? मग मी कशाला रडू?" तरुणपणी अथेन्समध्ये त्यांना म्हणे फार मान होता. इथे त्यांचं संगीत वाजलं त्याहून जास्त कापलंच गेलं.

परदेशी शिकायला म्हणून मी त्यांच्याकडे भाड्याने राहायला आलो २०१२ साली. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिलाच. मी त्यांना 'सर' म्हणायचो. "सर म्हणू नकोस, मी काय शाळा आहे?" असं ते रोज ओरडायचे, आणि मी रोज "सॉरी, सर" म्हणायचो. पहिल्याच सत्रात नापास होऊन मी घरी परतायला बॅग भरली, तेव्हा त्यांनी ती पलंगावर रिकामी केली, तिच्यात आपले मायक्रोफोन कोंबले आणि म्हणाले, "चल, उचल. रडायचं तर चालता चालता रड." पुढे दीड वर्ष रोज संध्याकाळी त्यांनी माझा अभ्यास घेतला. विषय होता दुग्धतंत्रज्ञान. त्यांना त्यातलं ओ की ठो कळत नव्हतं.

२०१६ मध्ये एक तरुण दिग्दर्शक आपणहून त्यांच्याकडे आला. त्या चित्रपटावर त्यांनी तीन महिने खपून काम केलं आणि आधी मला ऐकवलं. सुरुवातीपासून शेवटपर्यंत एक बारीक शिट्टी कानात दाभणासारखी टोचत होती. त्यांना मात्र ती ऐकूच येत नव्हती. स्वयंपाकघरात किटली किंचाळत राहायची, तीही हल्ली मीच बंद करायचो.

"खरं सांग," ते म्हणाले. "तुझ्या कानांवर माझा भरवसा आहे."

गुरुजींच्या कामात चूक काढायची नाही, हे मी लहानपणापासून शिकलेलो. म्हणालो, "फार सुंदर, सर."

दिग्दर्शकाने त्यांच्या भरवशावर ते न तपासता तसंच चित्रपटाला लावलं, आणि पहिल्या खेळाला लोकांनी कानांवर हात ठेवले. दिग्दर्शकाने सगळं संगीत काढून टाकलं, पाठोपाठ नामावलीतून यांचं नावही. त्यानंतर त्यांनी एकही काम घेतलं नाही. घर विकून ते ग्रीसला बहिणीकडे निघून गेले. तिथल्या पत्त्यावर मी इंग्रजीत पत्र पाठवलं, पण ते लिहायचं धाडस व्हायला मला दोन वर्षं लागली. त्यातला मजकूर असा:

"सर, त्या दिवशी मी खोटं बोललो. संगीतात एक शिट्टी होती, ती तुम्हाला ऐकू येत नव्हती, मला येत होती. मी सांगितलं असतं तर तुम्ही दोन दिवस माझ्याशी बोलला नसतात आणि तिसऱ्या दिवशी ती काढून टाकली असती. मला वाटलं मी तुमचा मान राखतोय. खरं तर मी घाबरलो होतो. त्या शिट्टीखाली जे होतं ते मी आजवर ऐकलेलं सर्वांत सुंदर संगीत होतं. पण आता मी हे म्हटलं, तर तुम्ही विश्वास तरी कसा ठेवणार?"