न चाखता केलेले मशरूम

माझी आई स्वयंपाक करताना कधीच चाखत नाही. देवाला दाखवायच्या आधी जिभेला लावायचं नाही, ही तिच्या माहेरची रीत. आमच्या घरी रोज नैवेद्य असतो असं नाही, पण तिचा हात तसाच घडला आहे. मीठ वासावरून कळतं, असं ती म्हणते. मला ते कधी पटलं नाही, आणि तिचं मीठ चुकल्याचं आठवतही नाही.

ती एका अधिकारी मॅडमकडे स्वयंपाक करायची. त्यांना नव्या रायपूरला सरकारी घर मिळालं तेव्हा त्यांनी आईलाही तिकडे बोलावलं आणि ती जुन्या रायपुरातल्या आमच्या गुढियारीहून सकाळच्या बसने जाऊ लागली. रोजचं वरण, भात, भाजी, पोळ्या आईच्या हातचं. पण पाहुणे जेवायला असले की सगळं बाहेरून यायचं आणि आईला दुपारीच सुट्टी मिळायची. त्या दिवशी घरी आली की ती फारसं बोलायची नाही. सुट्टी मिळूनही माणूस गप्प का होतो, हे मला बरेच दिवस कळलं नव्हतं.

एका शनिवारी मॅडमकडे पाहुणे येणार होते. जेवण बाहेरून सांगितलं होतं, पण सुरुवातीला खायचं काहीतरी घरीच गरम करून द्यावं, असं त्यांना वाटत होतं. आई लगेच म्हणाली, मी करते. काय करायचं ते नंतर कळलं. भरलेले मशरूम.

आमच्या घरात मशरूम येत नाही. आमच्या पाऱ्यातले, म्हणजे मोहल्ल्यातले लोक पावसाळ्यात रानातलं मशरूम आणतात, त्याला फुटू म्हणतात आणि मोठ्या हौसेने खातात. आई मात्र त्याला मांसाच्याच रांगेत बसवते. मी बीएस्सीला होते. मशरूम झाडही नाही आणि प्राणीही नाही, असं मी तिला पुस्तकातलं सांगितलं.

"मंग हाय तरी काय ते?" तिने विचारलं.

बुरशी, असं मी सांगितल्यावर तिने तोंडाला पदर लावला. पण शनिवारी मला सोबत घेऊन गेली. घरात कॉलेजात जाणारी मी पहिलीच, त्यामुळे न शिकलेल्या गोष्टीही मला येत असतील, असा तिचा समज होता.

मॅडमच्या ओट्यावर मशरूमचे डबे रचून ठेवले होते. पांढरे, गोल, बटणासारखे. मी एक हातात घेतलं. इतकं हलकं असेल असं वाटलं नव्हतं. वास ओल्या मातीचा. आईने तोवर अर्धे डबे हळद-मिठाच्या पाण्यात घातलेही होते, कारण शेजारच्या बायका फुटू तसंच धुतात हे तिने पाहिलं होतं. मग तिने विळी मागितली. विळी त्या घरात नव्हती. तिने सुरी घेतली आणि भरल्या वांग्यासारखं देठ राखून एकेकाला चार चिरा दिल्या. मसाला दाबला की मशरूम तिच्या हातातच फुटायचं.

मोबाइलवर मी एक व्हिडिओ लावला. त्यातली बाई देठ उपटून टाकत होती आणि उरलेल्या वाटीत सारण भरत होती. आई बघत राहिली.

"देठ काढला तं धरायचं कशाले?" ती म्हणाली. पण तिने तसंच केलं. देठ बारीक चिरले, त्यात कांदा, पनीर, चीज, दाण्याचा कूट आणि मीठ घातलं. कूट व्हिडिओत नव्हता.

सारण भरून ट्रे ओव्हनमध्ये ठेवला आणि काचेजवळ नाक नेऊन मी आत बघत बसले. मशरूम हळूहळू बसत होते, आकसत होते, आणि ट्रेमध्ये पिवळं पाणी साचत होतं. इतकं पाणी त्या एवढ्याशा वस्तूत कुठे होतं, कोण जाणे. बाहेर काढल्यावर आईने एक मशरूम बशीत घेतलं, फुंकर घातली आणि माझ्यापुढे धरलं.

"तू खा. तुले काही दोष नाही."

मी खाल्लं. मशरूम पहिल्यांदाच. चव काय सांगावी ते सुचेना, कारण मीठच मीठ लागत होतं.

"कसं हाय? मटणावानी लागते काय?"

"आई, मी मटण कुठं खाल्लंय?"

ती हसली नाही. "मंग काय झालं, तोंड काहून असं केलं?"

खोटं बोलावं असं क्षणभर वाटलं. पाहुणे यायला फार वेळ नव्हता, आणि हे बिघडलं तर पुढच्या खेपेला आई पुन्हा दुपारच्याच बसने घरी येणार होती. पण मीठ माझ्या जिभेवर होतं.

"खारट झालंय."

"वांग्यापेक्षा कमी टाकलं मी."

ते खरंच होतं, मी पाहिलं होतं. मग मी पुन्हा ट्रेकडे बघितलं. मशरूम अर्धं झालं होतं, पाणी निघून गेलं होतं, मीठ मात्र गेलं नव्हतं. आधीचं भिजवण्याचं मीठ, चीजचं मीठ, सारणाचं मीठ. मला हे नीट सांगता आलं नाही, अडखळत सांगितलं. आईने ऐकून घेतलं आणि उरलेले डबे उघडले. या वेळी तिने मशरूम भिजवले नाहीत, ओल्या फडक्याने पुसले. तव्यावर पालथे टाकून त्यांचं पाणी काढलं. सारणात मीठ घातलंच नाही. मी पुन्हा चाखलं आणि मान हलवली. कूट छान लागत होता.

पहिली ताटली मॅडमच घेऊन गेल्या. आई दाराशी उभी राहून बाहेरचा आवाज ऐकत होती. तिकडे मशरूमचं कुणी नाव काढत नव्हतं, नुसती बोलणी चालू होती, रस्त्याची, बदल्यांची. मग मॅडमनी तिला हाक मारली. कुणीतरी विचारत होतं, ये किसने बनाया, इसमें मूंगफली है क्या.

"हव, मैंने डाला," आईचा आवाज आला. "मैंने चखा नहीं है. बेटी ने चखा."

मग एक बाई हसली, मग बाकीचेही. आई रिकामी ताटली घेऊन आत आली तेव्हा मला तिच्या चेहऱ्यावरून काहीच कळेना. तिने फडकं ओलं केलं, पुढचे मशरूम पुसायला घेतले.

"अजून मांगून राहिले," ती म्हणाली. "आन् म्याडम म्हणे, पुऱ्या तूच तळ, गरम-गरम. बाहेरच्या ठेवून दे."

तिसरी खेप ओव्हनमधून निघाली. एव्हाना मला त्या चवीची ओढ लागली होती. अजून ती नक्की कशासारखी आहे ते ठरलं नव्हतं. मी बशी पुढे केली.

"राहू दे आता," ट्रेवर वाकून वास घेत आई म्हणाली आणि सगळे मशरूम मोजून ताटलीत मांडले. "समजलं मले."