दामूचं सरण

वैशाखरे गावात कुणीही गेलं की सरण रचायला दामूच लागायचा. दुसऱ्या कुणी लाकडाला हात लावला तर भर स्मशानात शिव्या! आपलं सरण कोण धड रचणार, या धास्तीनं त्यानं घरी न विचारताच मेडिकल कॉलेजात देहदान ठरवून टाकलं.

"पोरं चिरतील ना तुमाला!" बायको गिरजा हादरलीच.

"चिरू दे. शिकून डॉक्टर तरी होतील. इथली पोरं मला अर्धाकच्चा ठेवतील!"

गिरजा भाकरी थापत म्हणाली, "आन माझं सरण कोण रचंल?"



"मीच रचीन गो," दामू म्हणाला, आणि मुरबाडच्या डॉक्टरांनी दहादा सांगूनही न सुटलेली विडी त्यानं चुलीत फेकली.