पुस्तक उलटं धरलं तरी वाचणारी पोरगी

पहिलीच्या बाईंना पोरं पाठीमागे ‘भिंगरीबाई’ म्हणत, आणि त्यांचे यजमानही मनातल्या मनात तेच म्हणत असणार. बाई चहासुद्धा उभ्याने पीत. सत्तावीस वर्षं त्यांचा वर्ग पुस्तक असं घडाघडा वाचायचा की पाहुण्यांनी माना डोलवाव्यात. त्यामुळे हेडसरांनी त्यांना दोन दिवसांच्या प्रशिक्षणाला धाडलं, तेव्हा बाई नाक मुरडत गेल्या आणि नाक मुरडतच परतल्या.

“म्हणे आधी पाच-सहाच अक्षरं, त्यांचे आवाज, मग ते जोडून शब्द. आणि दर आठवड्याला एकेका मुलाला न पाहिलेले शब्द मिनिटभर वाचायला लावायचे! मुलं आहेत का कुकरच्या शिट्ट्या, मोजत बसायला?”

“करून तर बघ,” यजमान पेपराआडून म्हणाले.

करून बघितलं आणि घोटाळा झाला. पहिली उभी केली ती वर्गातली सगळ्यात हुशार, कोपऱ्यावरच्या शिंप्याची मुलगी. नवा कागद हातात येताच पोरगी कागद सोडून बाईंच्या कपाळाकडेच बघायला लागली. एकही शब्द धड येईना. बाईंनी सहज पुस्तक उलटं धरलं. “हं, धडा वाच बघू.”

पोरीने वाचला! पान बरोबर जागी उलटलं. तिसऱ्या ओळीनंतर बाई नेहमी खाकरत, तिथे ती खाकरलीसुद्धा.

बाईंना हसू फुटलं, आणि मग लक्षात आलं. त्यांनी पुढे म्हणायचं, मुलांनी मागून. सत्तावीस वर्षं वाचन म्हणून चाललं होतं ते हेच. एकतीसपैकी एकोणीस पोरं तशीच निघाली.

दहा दिवसांवर पालकांची सभा होती आणि तिथे हीच मुलगी वाचणार होती. पाठ धडा म्हणवून घेतला तर टाळ्या पडणार. मग दुसरीत नवं पुस्तक हातात आलं की हुशार पोर ‘ढ’ ठरणार. खरं सांगितलं तर बाईंची अब्रू चव्हाट्यावर.

“अगं, बस जरा. फरशी झिजेल,” यजमान म्हणाले.

बाई बसल्या नाहीत. चपला अडकवून थेट शिंप्याच्या दुकानात गेल्या आणि सगळं सांगून मोकळ्या झाल्या.

शिंप्याने मशीन थांबवलं. “बाई, गिऱ्हाइकांसमोर वाचून दाखवते ती. मागच्या महिन्यात तुम्हीच पहिला नंबर दिलात!”

“दिला. चुकलं माझं, दादा. दहा दिवस शाळा सुटल्यावर ठेवून घेऊ का तिला?”

“ठेवा,” तो म्हणाला, पण तोंड वळवून.

बाईंनी क, म, ल, र, न, स आणि काना एवढाच संसार मांडला. पोरगी अंदाजाने ठोकून द्यायची, बाई बोट पुन्हा पहिल्या अक्षरावर ठेवायच्या. चौथ्या दिवशी ती रडली. सहाव्या दिवशी बाईंनाच रडू आलं. आठव्या दिवशी ‘नमन’ एकदाचं जुळलं.

सभेत पोरगी धड्याऐवजी एक साधा कागद घेऊन उभी राहिली. क… मा… ल. पालक कुजबुजायला लागले. हेडसर खोकले. “हे काय, बोबडी वळली का हिची?” मागून कुणीतरी म्हणालं.

शिंपी उठला. “मी लिहितो तो शब्द वाचेल का, बाई?”

बाईंनी मनात शिकवलेली अक्षरं मोजली. याने न शिकवलेलं अक्षर लिहिलं तर संपलंच. पण भर सभेत नाही कसं म्हणणार?

त्याने फळ्यावर धंद्यातलाच शब्द लिहिला: कमर.

पोरीने बोट ठेवलं. “क… म… र.” थांबली. ओठ हलले. “कमर!” आणि दोन्ही हात कमरेवर ठेवून बापाकडे बघायला लागली.

शिंपी बसायचंच विसरला.

तेवढ्यात पुढच्या रांगेतली एक आई उत्साहाने म्हणाली, “आता आमच्याला उभं करा ना, बाई! तो तर सगळं पुस्तक वाचतो.”

बाईंनी पदराचं टोक तीनदा पिळलं. “त्याला वाचता येत नाही, ताई. पाठ आहे त्याला. त्याला धरून अशी अजून अठरा आहेत. पोरांचा दोष नाही, शिकवणं माझं चुकलं.”

हेडसर खिशात नसलेला रुमाल शोधायला लागले.

“उद्यापासून शाळेच्या अर्धा तास आधी पाठवा त्यांना,” बाई उभ्याउभ्याच म्हणाल्या.

त्या आईचा चेहरा पडला होता. तरी तिने विचारलं, “अर्धा तास आधी म्हणजे नक्की किती वाजता?”