इनाकी, सलीमचाचा आणि सोफ्याचा कोपरा

इथे आखातात, रुसैलमध्ये, बुटात वाळू साचते तसे किस्से साचतात. कितीही झटका, संध्याकाळी कंपनीच्या बसमधून उतरताना परत तेवढेच! मी फारसा बोलत नाही, शाळाही नववीत सुटली. पण इनाकीचे किस्से कुणाला तरी सांगितल्याशिवाय राहवत नाही.

त्याला आमच्या खोलीवर आणलं कांबळे साहेबांनी. साहेब शहरात कुरुमच्या ऑफिसात इंजिनियर, पण शुक्रवारी आमच्या खोलीतल्या सलीमचाचांच्या हातचं माशाचं कालवण खायला आमच्याकडे. एका शुक्रवारी त्यांच्याबरोबर पांढऱ्या केसांचा, कानात बाळी, दंडभर गोंदलेला गोरा.

"हे इनाकी. पूर्वी पंक गायचे. आता घर सोडून राबणाऱ्यांवर सिनेमे काढतात."

"पंक म्हणजे काय?" चाचांनी विचारलं.

साहेबांनी डोकं खाजवलं. "म्हणजे... मोठ्या स्पीकरवर रागाने ओरडायचं."

"मग आमचा फोरमन पण पंकच की!"

साहेबांनी इंग्लिशमध्ये सांगितल्यावर इनाकी एवढा हसला की त्याला ठसका लागला.

*

तो स्पेनचा, असं मी सगळ्यांना सांगत होतो. इनाकी म्हणाला, "बास्क." राहतात स्पेनमध्येच, पण भाषा निराळी. त्याच्या आजीला शाळेत स्वतःची भाषा बोलली म्हणून मार बसायचा. म्हणून तो मुद्दाम त्याच भाषेत गायला.

"मग गाऊन दाखव!" सगळे मागे लागले.

तो गायला. शेजारच्या खोलीतले पठाण फर्स्ट एडची पेटी घेऊन धावत आले. "कौन गिरा?"

हसणं थांबल्यावर साहेबांनी गाण्याचा अर्थ विचारून घेतला. 'आई, दार लावू नकोस, मला यायला उशीर होईल.' एवढंच गाणं!

चाचा म्हणाले, "ओरडणारच तो. लांब ऐकू जायला पाहिजे ना."

*

मी गप्प असतो म्हणून इनाकीने माइकची काठी माझ्या हातात दिली. "असा साउंडवाला मला आजवर मिळाला नाही!"

चाचा फोडणी देत होते. हेडफोनमध्ये लसूण तडतडला आणि मला थेट आईची चूल दिसली. काठी कधी खाली गेली कळलंच नाही. माइक कालवणात!

मला रडू यायचं बाकी होतं. चाचा शांतपणे म्हणाले, "विचार त्या माइकला, मीठ बरोबर आहे का."

*

आमच्या खोलीत एक रिवाज आहे. कुणीतरी टाकून दिलेला सोफा, मागे फुलांचा पडदा, बाजूला प्लास्टिकचं झाड. शुक्रवारी घरी व्हिडिओ कॉल करायचा तो याच कोपऱ्यातून. वर इस्त्रीचा शर्ट, खाली लुंगी! बाकीची खोली, म्हणजे एकावर एक पलंग आणि दोरीवरचे ओले कपडे, घरी कुणी दाखवत नाही.

इनाकीला नेमकं तेच शूट करायचं होतं. चाचा पलंगासमोर हात पसरून उभे राहिले.

"खोलीत कॅमेरा नको. गावी माझी बायको फातिमा बघेल. तिला वाटतं मी आरामात आहे."

"सिनेमा खरा हवा," इनाकी म्हणाला.

"खरं तुमच्या देशात दाखवा. माझ्या घरात नको. खलास!"

इनाकीने कॅमेरा बंद केला. चाचा परवानगी देतील तेव्हाच, असा शब्दही दिला. पण रोज आशेने बघायचा.

*

त्यानंतरच्या शुक्रवारी चाचा सोफ्यावर बसून फातिमाचाचींशी बोलत होते. इनाकीच्या गाण्याचा किस्सा रंगात आला होता.

"अगं, तो इथेच आहे! थांब, तुला दाखवतो!"

आणि जोशात त्यांनी स्वतःचाच फोन फिरवला. पलंग, दोरी, पोपडे सुटलेली भिंत, टोपात हात घातलेला मी... सगळ्यांवरून फोन फिरत गेला आणि इनाकीवर थांबला. इनाकीने हात हलवायला उचलला तो तसाच राहिला.

चाचांच्या लक्षात आलं. त्यांनी फोन हळूच आपल्याकडे वळवला.

"फातिमा..."

मी तोवर चाचांच्या मागे येऊन उभा होतो. चाची नेहमीसारख्या हिरव्या रंगाच्या भिंतीसमोर बसल्या होत्या. चाचांच्या पैशांतून घर बांधून झालं असं चाचींनी कळवलं, तेव्हापासून आम्ही सगळे ती भिंत ओळखतो.

"बघितलं मी," चाची म्हणाल्या. "आता जरा इकडचं बघा."

त्यांनी फोन फिरवला. हिरवी भिंत संपली. पुढे नुसते उघडे चिरे. वर पत्र्याऐवजी निळं प्लास्टिक, वाऱ्याने फडफडणारं.

इनाकीचा कॅमेरा पलंगावर बंद करून ठेवलेला होता. त्याने हात लावला नाही.

चाचांनी फोन डोळ्यांजवळ नेला.

"अजून फिरव," ते म्हणाले.