अक्का आणि डावे कान

अक्कांची आणि माझी ओळख भांडणातून झाली. माझ्या बहुतेक ओळखी तशाच होतात.

शिवणकाम करणाऱ्या एका बाईला नवऱ्यानं अशी थोबाडीत दिली की डाव्या कानाचा पडदाच फाटला. आमच्या महिला संघटनेतर्फे तिची केस मी चालवत होते. म्हणजे काळा कोट वकिलाचा, चपला झिजणार माझ्या. ऐन सुनावणीत समोरच्या वकिलानं हॉस्पिटलचा कागद नाचवला. "हा कोड नंबर बघा साहेब, आजाराचा आहे. बाईंचा कान लहानपणापासून वाहत असणार." बाईंचा कान जन्मात वाहिला नव्हता. मी कोर्टातून तडक हॉस्पिटल गाठलं आणि विचारत विचारत तळघरातल्या एका खोलीत घुसले. कुबट वास, छतापर्यंत फायली आणि एका कॉम्प्युटरसमोर पाठीला उशी लावून बसलेली पिकल्या केसांची बाई.

"हा कोड कुणाच्या अकलेतून निघाला?" मी ओरडले.

"माझ्या," ती म्हणाली. "ओरडून झालं की सांग. चहा मागवते."

या अक्का. डॉक्टर आजाराचं नाव लिहिणार, अक्का त्याला ठरलेला कोड देणार, हे काम. केस काळे होते तेव्हापासून कान-नाक-घसा त्यांच्याकडे. त्या दिवशी त्यांनी मला शिकवलं ते कुठल्या शाळेत शिकवत नाहीत. फाटलेल्या पडद्याची घराणी दोन, आजाराचं आणि इजेचं. इजेचं असलं की शेजारी आणखी एक कोड जोडायचा, इजा कशानं झाली त्याचा: पडून, स्फोटानं, मारहाणीनं. आणि डॉक्टरनं नुसतं 'पडदा फाटला' लिहून सही ठोकली, की पडदा निमूटपणे आजाराच्या घरात जाऊन पडतो.

"तुम्हाला दिसत नाही? तरणी बाई, डावा कान, गाल सुजलेला?"

"दिसतं की. उजव्या हाताची थप्पड डाव्याच कानावर बसते. पण मला दिसलेलं लिहायची सोय नाही गं. त्यांनी लिहिलेलं तेवढंच. फार तर कारण विचारून कागद परत पाठवता येतो. पण प्रश्नातच उत्तर घालायचं नाही. 'मारलं का?' असं विचारलं तर घरी बसावं लागेल."

"मग नुसतं कारण विचारा."

"डॉक्टर चिडतात."

"चिडू देत. त्यांच्याशी सोयरीक करायचीय का?"

त्या खो खो हसल्या. पण दुसऱ्या दिवसापासून कारण नसलेला एकेक फाटका पडदा वर परत जायला लागला. कानाचा डॉक्टर तणतणत खाली आला. "अक्का, हे कारण-कारण काय लावलंय? मी कान तपासतो, लोकांचे संसार नाही."

"बरोबर आहे सर," अक्का म्हणाल्या. "मग तेवढंच लिहा, 'विचारलं नाही'."

ते लिहायची त्याला लाज वाटली. तो विचारू लागला, आणि बायका सांगू लागल्या. आजवर विचारलं होतं कुणी? माझ्या काही बायका त्याच कागदांवर तरल्या. मी वस्तीवस्तीत सांगत सुटले, तपासताना खरं काय ते सांगा, खाली आपलं माणूस बसलंय.

मग एका सकाळी अक्कांचा फोन आला. "ये," एवढंच.

त्यांच्यासमोर कागद होता. डावा कान, ताजं भोक. नाव त्यांच्या लेकीचं. कारण लिहिलेलं होतं: कानकोरणं लागून.

"माझी पोर कानात काडी घालणाऱ्याचा हात धरते," अक्का म्हणाल्या. "तिला त्याची शिसारी आहे."

"पाठवा परत!"

"काय विचारून? कारण लिहिलंय."

"तुम्ही आई आहात की कारकून?"

त्यावर त्या चिडल्या नाहीत. म्हणाल्या, "तू जाऊन ये तिच्याकडे. मला नाही सांगायची ती."

लेक कपड्यांच्या घड्या घालत होती. मला बघून तिनं नाक शिंकरलं आणि कानातून बारीक शीळ वाजली.

"काय गं, त्या कानकोरण्याला मिशा आहेत का?"

ती हसली नाही. "मावशी, डॉक्टरांनी पुन्हा पुन्हा विचारलं हो. तोंडावर आलं होतं. मग आठवलं, हा कागद खाली जाणार. केवढ्या हौसेनं आणलाय तिनं हा जावई. आईनं आपल्या हातानं माझ्या नावापुढं मारहाण लिहायची? नको वाटलं."

दुसऱ्यांच्या लेकींना जिचा आधार, तिच्याच पोटच्या पोरीला तिचा संकोच. मी ते अक्कांना जसंच्या तसं सांगितलं. ऐकून त्यांनी चष्मा पुसला, चढवला, आणि अपघाताचा कोड दिला. घरच्यांचे कागद हाताळायचे नाहीत असा नियम आहे, पण त्या तळघरात कानाचे कागद बघणारी खुर्ची एकच होती.

पुढं व्हायचं तेच झालं. जावयानं पोरीला घराबाहेर काढलं आणि केस उभी राहिली. त्याचा वकील तयारीचा होता. त्यानं अक्कांनाच साक्षीला बोलावलं.

"हा कोड कुणी दिला?"

"मी."

"मुलगी कोणाची?"

"माझी."

"मग बाई, मुलीला नवऱ्यानं मारलं असतं, तर सख्ख्या आईनं अपघात लिहिला असता?"

अक्का कोडाचा नियम सांगू लागल्या. डॉक्टरनं लिहिलेलं तेवढंच, प्रश्नात उत्तर घालायचं नाही... "हो किंवा नाही," वकील म्हणाला. नियम त्यांच्या तोंडातच राहिला. कोर्टानं कागद खरा धरला. मारहाण झालीच नाही.

बाहेर पायऱ्यांवर जावई आडवा आला. हात जोडून म्हणाला, "सासूबाई, उपकार झाले."

मी चप्पल काढली. त्याचा डावा कान अगदी हाताच्या टप्प्यात होता. अक्कांनी माझं मनगट घट्ट धरलं.

"नको," त्या म्हणाल्या. "कागद माझ्याकडेच येईल. आणि हा खरं कारण सांगेल."