साखळीचं दुसरं टोक

होलिस गावात मापाचा विषय निघाला की आर्लो टेस्केचं नाव हमखास निघायचं. गावच्या धान्याच्या कोठारावर त्याने अडतीस वर्षं मक्याचे ट्रक वजन केले, आणि एका पौंडाची तक्रार म्हणून कधी आली नाही. शेतकरी पावती वाचायचेसुद्धा नाहीत, घडी घालून सरळ खिशात टाकायचे. असा हा चोख माणूस. आणि ह्याच माणसाचं आयुष्यात एकदा माप चुकलं, तेही सख्ख्या पुतण्याच्या बाबतीत, अडीच हजार माणसांच्या डोळ्यांदेखत. ते कुणाच्या लक्षात आलं नाही, अशी निदान त्याची समजूत होती.

होलिस कॉलेज आणि चाळीस मैलांवरचं वेस्टफोर्क कॉलेज. दोन्ही एवढीएवढीशी, पण नोव्हेंबरातल्या शेवटच्या शनिवारच्या फुटबॉल मॅचसाठी दोन्ही गावं वर्षभर एकमेकांना पाण्यात बघतात. बक्षीस काय, तर दुधाचा एक जुना लोखंडी कॅन. जिंकेल त्याने तो आपल्या रंगात रंगवायचा. रंगाचे इतके थर चढलेत की आता त्याचं झाकणही निघत नाही. ह्या खेळात चार खेपांत दहा यार्ड पुढे गेलात तर चेंडू तुमच्याकडे राहतो, नाहीतर समोरच्याकडे जातो. पोचलात की नाही हे ठरतं दहा यार्डांच्या साखळीवर. तिच्या दोन टोकांना दोन काठ्या, त्या धरून कडेला दोन माणसं उभी. एरवी दोन्ही माणसं यजमान गावाची असतात. पण १९३१ साली मापावरून अशी काही हाणामारी झाली की ह्या एका मॅचपुरता रिवाजच पडला, एक काठी होलिसच्या माणसाने धरायची, दुसरी वेस्टफोर्कच्या.

होलिसची काठी आर्लोकडे. वेस्टफोर्कची त्याच्या थोरल्या भावाकडे, व्हर्नकडे. व्हर्न तिकडची मुलगी करून तिकडचाच होऊन राहिलेला. मागची काठी धाकट्याची, पुढची थोरल्याची, आणि मध्ये साखळी.

आता ९६ सालचं ऐका. मैदानावर दर पाच यार्डांवर चार बोटं रुंदीची पांढरी रेघ मारलेली असते. साखळी त्या रेघेला जिथे छेदते तिथे आर्लो तिला एक चिमटा लावायचा, नेहमी रेघेच्या पुढच्या कडेवर. पंचाने माप मागितलं की साखळी मैदानात न्यायची, चिमटा पुन्हा त्याच रेघेच्या त्याच कडेवर टेकवायचा आणि ताणायची. त्या दिवशी बर्फाची भुरभुर होती, बोटं बधिर झालेली, आणि आर्लोने चिमटा लावला मागच्या कडेवर. शेवटची दोन मिनिटं राहिली होती, आणि वेस्टफोर्कची ही चौथी खेप. व्हर्नचा मुलगा कर्टिस, वेस्टफोर्कचा, चेंडू पोटाशी धरून गर्दीत घुसला आणि पडला. पंचाने माप मागितलं. त्याने सवयीने चिमटा पुढच्या कडेवर टेकवला. साखळी चार बोटं पुढे सरकली, आणि कर्टिस तीन बोटं कमी पडला.

पंचाचा हात रेघेवर टेकला त्याच क्षणी आर्लोच्या ध्यानात आलं. तोंड उघडायला त्याच्यापाशी चांगला श्वासभर वेळ होता. पण मागे आपलं सगळं गाव ओरडत होतं आणि कॅन आपल्याकडे येत होता. माणूस मूग गिळून बसला. चूक हातून झाली होती हो, पण गप्प बसणं काही हातून झालं नव्हतं, ते त्याने स्वतः केलं.

वर आणि त्याने काय करावं? सोमवारी मार्जच्या हॉटेलात, राजम्या-मटणाची वाफाळती चिली आणि दालचिनीचा रोल समोर घेऊन, स्वतःचं झाकायला म्हणून सगळ्यांत मोठ्याने थट्टा केली, की आमच्या पुतण्याने जेवणात तीन बोटं लोणी जास्त खाल्लं असतं तर पोचला असता. हॉटेल खदखदून हसलं. चाळीस मैल म्हणजे काय अंतर आहे? संध्याकाळच्या आत ते व्हर्नच्या घरी पोचलं.

तिकडे वेस्टफोर्कात पोराला तोंड दाखवायला जागा राहिली नाही. दुकानात गेला की कोणीतरी तीन बोटं वर करून दाखवायचं. ख्रिसमसच्या आत कॉलेज सोडून तो उत्तरेला तेलाच्या विहिरींवर निघून गेला. त्यानंतर आला तो एकदाच, चार वर्षांपूर्वी आई वारली तेव्हा. चर्चमध्ये शेवटच्या बाकावर बसला आणि कॉफीलाही न थांबता परत गेला. बापाशी बोलला नाही.

व्हर्ननेही आर्लोशी संबंध तोडले. आर्लोने पत्र लिहिलं, ते न फोडता परत आलं. फोन केला, तो कट झाला. एकदा दारापर्यंत गेला, दार उघडलं नाही. उरली फक्त मॅच. तिथून मात्र व्हर्नला निघून जाता येत नव्हतं. काठी धरलेला माणूस तीन तास मैदान सोडत नाही, आणि त्याच्यापासून दहा यार्डांवर सख्खा भाऊ उभा असतो. दरवर्षी आर्लो ठरवून जायचा की आज सांगायचंच. दरवर्षी दातखीळ बसायची. "ताण", "सोड", "चल पुढे", एवढंच काय ते दोघांत बोलणं. सत्तावीस वर्षं गेली अशी.

यंदा उन्हाळ्यात कळलं की व्हर्नचं हृदय जेमतेम चाललंय, नाकाला ऑक्सिजनची नळी लावून असतो, पण मॅचला मुलाच्या खुर्चीत बसून का होईना काठी धरणार म्हणतोय. खुर्ची म्हणजे कर्टिसची जुनी मासेमारीची घडीची खुर्ची. ते ऐकलं आणि आर्लोने पहिल्यांदा खरोखर मनाचा हिय्या केला. काय बोलायचं ते बाथरूमच्या आरशासमोर पाठ केलं. चारच वाक्यं होती.

आणि मॅचच्या आठवड्यात सोमवारी बातमी आली, वेस्टफोर्कच्या पोरांना गालगुंड झालंय. सोमवारी चार पोरं, मंगळवारी नऊ. आधीच निम्मी जायबंदी. मार्जच्या हॉटेलात दुसरा विषय नव्हता. कोणी म्हणालं, हरायला घाबरले म्हणून गाल सुजले. कोणी म्हणालं, रविवारी खेळवा, पुढच्या आठवड्यात खेळवा. आर्लो काउंटरवर हात टेकून प्रत्येकाच्या तोंडाकडे बघत होता, जीव नुसता टांगणीला. कॉलेजच्या ऑफिसात तो दिवसातून दोनदा फोन करायचा. तिथली बाई शेवटी वैतागून म्हणाली, टेस्केसाहेब, तुम्ही काय स्वतः खेळणार आहात का?

गुरुवारी दुपारी मॅच रद्द झाली. पुढे ढकललेली नाही, रद्द. वर हेही कळलं की वेस्टफोर्क पुढच्या वर्षीपासून फुटबॉलच बंद करतंय, परवडत नाही म्हणून. म्हणजे कॅन आता कायमचा होलिसचा. हॉटेलातल्या दोघाचौघांनी टाळ्याही वाजवल्या. आर्लोने समोरची चिली तशीच बाजूला सारली.

शनिवारी एक वाजता, मॅच सुरू व्हायची त्याच वेळेला, तो चाळीस मैल गाडी हाकून व्हर्नच्या दारात उभा होता. अंगात काठीवाल्याचं केशरी जाकीट होतं. ते का घातलं हे त्यालाही सांगता आलं नसतं.

ह्या वेळी दार उघडलं. व्हर्नने जाळीचं दार मात्र तसंच ठेवलं. नाकात नळी, ती लांबवर मागे घरात गेलेली. त्याच्याही अंगात केशरी जाकीट होतं.

आर्लो पाठ केलेली वाक्यं जागच्या जागी विसरला. जे तोंडाला आलं ते बोलला, चिमटा मागच्या कडेला लागला होता, मला तेव्हाच कळलं होतं, मी गप्प बसलो. कर्टिस पोचला होता व्हर्न, एक बोट पुढेच होता.

व्हर्न जरा वेळ श्वास गोळा करत राहिला.

"माहितीये," तो म्हणाला.

आर्लोला वाटलं आपण नीट ऐकलं नाही.

"माझी काठी चिखलात रुतली होती. माप झाल्यावर परत आणून टेकवली तर भोकाच्या चार बोटं पुढे. तुझा चिमटा त्याच रेघेवर. मी काय आंधळा होतो?"

"मग बोलला का नाहीस?"

"सख्ख्या भावाला अख्ख्या मैदानासमोर चोर म्हणू? म्हटलं, तो बोलेल. आज नाही तर उद्या बोलेल. नंतर तुझा तो लोण्याचा विनोद आला." व्हर्नने नाकातली नळी नीट बसवली. "दरवर्षी तीन तास वाट बघितली मी तुझी, आर्लो. तुझं नाव घेतल्याशिवाय पोराला खरं सांगता येईना, म्हणून त्या मॅचबद्दल मी बोललोच नाही, आणि पोरगं समजलं, बाप आपल्यावर रागावलाय. मी रागावलो नव्हतो. मला फक्त तुझ्याकडून यायला हवं होतं."

"यंदा सांगणारच होतो. देवाशपथ."

"यंदा तर मॅचच नाही."

दोघे म्हातारे जाळीच्या दोन बाजूंना उभे राहिले. आर्लोच्या डोळ्यांतून पाणी आलं आणि त्याने ते पुसलंही नाही. कर्टिसला माझ्या तोंडाने सांगतो, तो म्हणाला, आजच सांगतो.

व्हर्न नळी सांभाळत आत गेला. फ्रिजवर चिकटवलेला कागद काढून घेऊन आला. त्यावर बायकोच्या अक्षरात कर्टिसचा नंबर होता. जाळीचं दार त्याने तेव्हा पहिल्यांदा उघडलं, कागद जाऊ शकेल एवढंच.

"मी केला तर उचलणार नाही तो," तो म्हणाला. "तू सांग. ऐकलं की तो मला फोन करेल. इथलाच नंबर आहे, जुनाच. मी घरातच आहे म्हणावं." दार लावता लावता म्हणाला, "शनिवार आहे, घरीच असेल तो."

आर्लो गाडीत बसला. घाईघाईत नंबर दोनदा चुकला. तिसऱ्यांदा बरोबर लागला. एका बाईचा यांत्रिक आवाज आला, हा क्रमांक आता वापरात नाही. त्याने एकेक आकडा कागदावर बोट ठेवून पुन्हा दाबला. तीच बाई, तेच शब्द. कोण जाणे किती वर्षांपूर्वी बंद पडला होता, वहिनी गेल्यापासून ह्या घरातून कोणी लावलाच नव्हता. कर्टिस कुठल्या गावात आहे, कोणाकडे विचारायचं, काही म्हणता काही ठाऊक नव्हतं.

हे जाऊन सांगायला हवं होतं. दार वीस पावलांवर होतं. आर्लो उतरला, अंगणातून निम्म्यापर्यंत गेला, आणि तिथून त्याला स्वयंपाकघराची खिडकी दिसली. व्हर्नने खुर्ची ओढून भिंतीवरच्या फोनखाली घेतली होती. टेबलावरचं कानाचं यंत्र उचलून, फुंकर मारून, तो ते कानात बसवत होता. मग त्याने ओल्या बोटांनी केस नीट केले, दोन्ही हात मांडीवर ठेवले आणि वर फोनकडे बघत बसला.

आर्लोने तोंड उघडलं. हाक मारायला त्याच्यापाशी चांगला श्वासभर वेळ होता.

तो मागे वळला, गाडीत बसला आणि होलिसच्या रस्त्याला लागला.